दोन मिलिमीटरचा राखणदार

आज विषय लहान आहे. म्हणजे खरोखरच लहान... दोन-तीन मिलिमीटरचा!

भाद्रपद संपत आला की आमच्या उरण तालुक्यात, चिरनेरकडच्या बांधांवर, सकाळी गवतात पांढरे रुमाल वाळत घातल्यासारखे दिसतात. दव असते म्हणून दिसतात, एरवी आपण ते तुडवून पुढे जातो. कोळ्याचे जाळे दिसले की आपण ‘जळमट’ म्हणतो आणि मोकळे होतो. घरातले जळमट दिवाळीत झाडूने काढतो, शेतातले पाठीवरच्या पंपाने. माझे म्हणणे आहे ते या दुसऱ्या झाडूबद्दल.

आधी थोडी ओळख. गवतातल्या ज्या चादरीच्या टोकाला नरसाळ्यासारखे भोक असते, ती ‘हिप्पासा’ कोळ्याची. तो भोकात दबा धरतो आणि चादरीच्या वरून धावतो. दुसरे विणकर त्याहून कितीतरी बारीक, ‘लिनिफिडी’ कुळातले. हे चादरीच्या खाली उलटे लटकतात. वर आडवेतिडवे धागे ताणलेले असतात. उडता किडा त्यांना अडखळून चादरीवर पडतो. कोळी खालूनच चावतो आणि चादर फाडून त्याला आत ओढतो. मग फाटलेले रफू! करंजा-मोऱ्याच्या कोळीवाड्यातल्या माणसांना जाळ्याचे कौतुक मी काय सांगावे, पण दोन्ही कोळ्यांचे नाव एकच आहे ते उगाच नव्हे.

जगात कोळ्यांच्या ५० हजारांहून अधिक जाती नोंदल्या आहेत. त्यांत उड्या मारणाऱ्या कोळ्यांच्या खालोखाल या चिमुकल्या कुळाचा नंबर, ४,७००हून अधिक जाती. बहुतेक थंड प्रदेशातल्या. आपल्याकडे बी. के. टिकादर यांनी भारतीय कोळ्यांवर आयुष्यभर काम केले, १९८७ मध्ये त्यांचे मार्गदर्शक पुस्तकही निघाले. तरी काम संपलेले नाही. २०२१ मध्ये ठाण्यातल्या एका नव्या जातीला हुतात्मा तुकाराम ओंबळे यांचे नाव दिले गेले. ती उड्या मारणाऱ्यांतली, चांगली डोळ्यांना दिसणारी. मग हे दोन मिलिमीटरवाले कोण मोजणार? त्यांची जात ओळखायला सूक्ष्मदर्शकच लागतो.

हे कोळी शेतात येतात कसे? उडत! गवताच्या टोकावर चढायचे, शेपटाकडून रेशीम सोडायचे आणि हवेवर तरंगायचे. १८३२ मध्ये डार्विनच्या बोटीवर किनाऱ्यापासून साठ मैलांवर असे कोळी उतरले होते. हवेतल्या विजेच्या भारानेही ते उचलले जातात, हे २०१८ मध्ये ब्रिस्टल विद्यापीठात दाखवले गेले.

आता मुद्द्यावर येतो. आशियातल्या भातशेतीत याच कुळातला ‘अटिपेना’ नावाचा कोळी भाताच्या बुंध्याशी, पाण्याच्या जरा वर राहतो. तपकिरी तुडतुड्यांची पिल्लेही नेमकी तिथेच असतात, आणि तो ती खातो. आपण तुडतुडा दिसला की ‘औषध’ मारतो. (विषाला औषध म्हणणारी आपली भाषा!) कोळी मरतात. तुडतुड्याची अंडी मात्र भाताच्या खोडाच्या आत असतात, ती वाचतात. आठ-दहा दिवसांत पिल्ले बाहेर येतात, तेव्हा शेतात त्यांना खाणारे कोणी उरलेले नसते. म्हणून पुन्हा फवारा... इंडोनेशियाने हे चक्र फार महागात अनुभवले आणि १९८६ मध्ये भातावरच्या ५७ कीटकनाशकांवर बंदी घातली. फवारणी घटली, भाताचे उत्पादन काही घटले नाही.

शेतकरी म्हणेल, “गुरुजी, अख्खे शेत करपले तर कोळी भरून देणार का?” बरोबर आहे. तुडतुडे नुकसानीच्या पातळीपलीकडे गेले तर फवारावेच लागेल. ती पातळी कोणती, हे विचारायला कर्जतचे भात संशोधन केंद्र आपल्याच जिल्ह्यात आहे. पण शेजाऱ्याने मारले म्हणून आपणही मारायचे, आणि बांध ‘स्वच्छ’ दिसावा म्हणून त्यावर तणनाशक टाकायचे, याला शेती म्हणत नाहीत. कापणी झाली, शेतात पाणी उरले नाही, की या राखणदारांचा आसरा बांधावरचे गवतच असते.

उरणात आता शेते उरली आहेत तरी किती? बंदर आले, कंटेनरची आवारे आली, २०२४ मध्ये अटल सेतू आला आणि रेल्वेही उरणपर्यंत पोचली. या सोयी मीही वापरतो, तक्रार नाही. पाणजेच्या पाणथळीसाठी लोक भांडतात ते पक्ष्यांमुळे. रोहित पक्षी गुलाबी असतो, त्याचा फोटो छान येतो. भाताच्या खाचरात भराव पडतो तेव्हा कोळ्यासाठी कोण भांडणार? म्हणूनच जी शेते शिल्लक आहेत, ती तरी आपल्याच हाताने मुकी करू नयेत.

गावाकडे शेती करणाऱ्या आमच्या पुतण्या-भाच्यांना एवढेच सांगणे. पंप पाठीवर घेण्याआधी दहा-बारा चुडांचे बुंधे वाकून बघा. किडे मोजा, कोळीही मोजा. मग ठरवा.