कैद्याला कुठे ठेवायचे, हे ठरवणार कोण?



आंदोलनात तुरुंग पाहून आलेले आपल्यात अनेकजण आहेत. आत भाकरी कशी मिळते, यापेक्षा घरचे भेटीला येतील का, हीच काळजी माणसाला खाते. वसई कोर्टातला कच्चा कैदी बहुधा ठाण्याच्या तुरुंगात जातो. तिथे जायचे तर घरच्या माणसाचा एक रोज बुडतो. त्याच कैद्याला उद्या नागपूरला हलवले, तर भेट संपली आणि वकीलही तुटला.

कोणी म्हणेल, कैद्याचे कसले लाड? पण कच्चा कैदी म्हणजे ज्याच्यावरचा गुन्हा अजून शाबीत व्हायचा आहे.

11 जुलै 2006 ला लोकलमध्ये बॉम्बस्फोट झाले. विरारकडे निघालेल्या गाड्याही त्यात होत्या. त्या खटल्यातल्या आरोपींसह काही कच्च्या कैद्यांना 2008 साली आर्थर रोड तुरुंगातून दूरच्या तुरुंगांत हलवले. त्यांची बाजू कोण घेणार? तरी ते कोर्टात गेले. महाराष्ट्र सरकार विरुद्ध सईद सोहेल शेख या प्रकरणात 2012 साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, की कोर्टाच्या परवानगीशिवाय कच्च्या कैद्याला दुसऱ्या तुरुंगात हलवता येत नाही. ही परवानगी म्हणजे नुसता शिक्का नव्हे. कारणे तपासून, कैद्याचे म्हणणे ऐकून द्यायचा तो निर्णय आहे.

स्फोटाच्या त्या खटल्यात 2015 साली 12 जणांना शिक्षा झाली. 21 जुलै 2025 ला मुंबई उच्च न्यायालयाने बाराही जणांना निर्दोष ठरवले. सरकारने त्यावर अपील केले. अपिलात काय व्हायचे ते होवो, पण कच्च्या कैद्याला आधीच गुन्हेगार समजू नये, एवढे तरी यातून शिकावे.

म्हणून आपल्या गावातले कोणी आत असेल, तर जेलरच्या पाया पडत बसू नका. आजारपण, म्हातारे आईबाप, वकिलाची भेट, जिवाला धोका, जे खरे असेल ते लिहून, ज्या कोर्टात खटला चालू आहे तिथेच बदलीचा अर्ज करा. वकिलाला पैसे नसतील तरी अडू नका. 1987 च्या विधी सेवा कायद्याप्रमाणे कोठडीतल्या माणसाला सरकारी खर्चाने वकील मिळतो. अर्ज मंजूर होईलच असे नाही. पण नाही म्हणायचे तर कोर्टाने कारण देऊन म्हणावे.

तुरुंग सरकारचा आहे. आतला माणूस सरकारच्या मालकीचा नाही.