विश्लेषण : निवृत्तीच्या तोंडावर जादा वेतनाची वसुली, शिक्षकांना संरक्षण कधी मिळते?

तीस-बत्तीस वर्षे सेवा झालेल्या शिक्षकाचे सेवापुस्तक निवृत्तीपूर्वी पडताळणीसाठी जाते आणि जुनी वेतननिश्चिती चुकल्याचा आक्षेप घेऊन परत येते. पाठोपाठ जादा रक्कम भरण्याचा किंवा ती ग्रॅच्युइटीतून कापण्याचा आदेश निघतो. नांदेड, लातूरसह मराठवाड्यातील असे वाद मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठापुढे जातात. याविषयी कायदा काय सांगतो?

चूक कुठे होते?
वेतन आयोग लागू होतानाची वेतननिश्चिती, १२ वर्षांनंतरची वरिष्ठ श्रेणी, २४ वर्षांनंतरची निवड श्रेणी, आदिवासी भागातील एकस्तर वेतनश्रेणी आणि एमएस-सीआयटी मुदतीत उत्तीर्ण न झाल्याने रोखायच्या वेतनवाढी ही वादाची नेहमीची कारणे आहेत. हिशेब कार्यालय करते, शिक्षक केवळ पगार घेतो. चूक मात्र अनेकदा शेवटच्या पडताळणीतच उघड होते. उदाहरणार्थ, दरमहा ८०० रुपये जादा गेले, तर १५ वर्षांत ती रक्कम १ लाख ४४ हजार होते. महागाई भत्त्यातील फरक वेगळाच.

सर्वोच्च न्यायालयाचे पाच निकष कोणते?
पंजाब सरकार विरुद्ध रफिक मसीह या खटल्यात १८ डिसेंबर २०१४ रोजी न्यायालयाने पुढील परिस्थितीत वसुली करता येणार नाही, असे सांगितले :
- कर्मचारी वर्ग ३ किंवा वर्ग ४ मधील असेल;
- तो निवृत्त झाला असेल किंवा वर्षभरात निवृत्त होणार असेल;
- वसुलीच्या आदेशापूर्वी पाच वर्षांहून अधिक काळ जादा रक्कम दिली गेली असेल;
- वरिष्ठ पदाचे काम चुकीने करवून घेऊन त्या पदाचे वेतन दिले असेल;
- वसुली अन्यायकारक, जाचक किंवा मनमानी ठरणार असेल.

कर्मचाऱ्याने खोटी माहिती दिली नसावी किंवा फसवणूक केली नसावी, हे यात गृहीत आहे. जिल्हा परिषद शाळांतील शिक्षक वर्ग ३ मध्ये येतात. त्यामुळे निवृत्तीच्या वेळची बहुतेक प्रकरणे एकाच वेळी दोन-तीन निकषांत बसतात. केरळमधील थॉमस डॅनियल हे शिक्षक १९९९ मध्ये निवृत्त झाले होते. त्यांच्याकडून होणारी वसुली सर्वोच्च न्यायालयाने २ मे २०२२ रोजी रद्द केली. निकाल हाती येईपर्यंत निवृत्तीला २३ वर्षे झाली होती.

मग सरकारची बाजू काय?
जादा दिलेला पैसा करदात्यांचा आहे, हा सरकारचा मुख्य युक्तिवाद. चंडीप्रसाद उनियाल प्रकरणात २०१२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने याच आधारे उत्तराखंडमधील शिक्षकांकडून वसुलीला मान्यता दिली होती. महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, १९८२ मधील नियम १३४-अ निवृत्तिवेतनातून वसुलीची मुभा देतो. मात्र त्याआधी बाजू मांडण्याची वाजवी संधी देणे बंधनकारक आहे.

हमीपत्राचा पेच काय?
वेतननिश्चितीच्या वेळी ‘जादा रक्कम निघाल्यास परत करीन’ असे हमीपत्र घेतले जाते. जगदेव सिंग प्रकरणात २०१६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने अशा हमीपत्राच्या आधारे निवृत्त न्यायिक अधिकाऱ्याकडून हप्त्यांनी वसुलीस परवानगी दिली. म्हणून शासनाचा भर या निकालावर असतो. शिक्षकांची बाजू अशी की, तो अधिकारी वरिष्ठ वर्गातील होता आणि त्याने हमी वेतनश्रेणी घेतानाच दिली होती. निवृत्तीची कागदपत्रे अडकू नयेत म्हणून ऐनवेळी केलेली सही त्या तोडीची कशी मानायची? त्यामुळे हमीपत्र केव्हा आणि कशासाठी घेतले, याला महत्त्व येते.

वसुली रद्द झाली म्हणजे सारे सुटले?
नाही. मागची वसुली आणि पुढची दुरुस्ती या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. वसुली थांबली तरी नियमानुसार वेतन सुधारून त्यावर निवृत्तिवेतन ठरू शकते. म्हणजे ग्रॅच्युइटी वाचते, पण दरमहाचे निवृत्तिवेतन घटू शकते. वेतननिश्चितीच योग्य होती, असे शिक्षकाचे म्हणणे असेल तर तो मुद्दा याचिकेत स्वतंत्रपणे मांडावा लागतो.

शिक्षकांपुढे मार्ग कोणता?
सरकारी कर्मचाऱ्यांसाठीचे प्रशासकीय न्यायाधिकरण जिल्हा परिषद किंवा खासगी अनुदानित शाळांच्या शिक्षकांसाठी नाही. शाळा न्यायाधिकरण मुख्यतः बडतर्फी, पदावनतीसारखे वाद ऐकते. उरते ती उच्च न्यायालयातील रिट याचिका. नांदेडहून त्यासाठी सुमारे अडीचशे किलोमीटरवरील छत्रपती संभाजीनगर गाठावे लागते. ज्याला वकील आणि प्रवास परवडत नाही, तो निकष बाजूने असूनही मुकाट्याने रक्कम भरतो. म्हणून नोटिशीला लेखी उत्तर देणे, वेतननिश्चितीचे आदेश जपून ठेवणे आणि सेवापुस्तकाची पडताळणी वेळोवेळी करून घेणे महत्त्वाचे. कार्यालयांनीही ही तपासणी प्रत्येक वेतननिश्चितीनंतर लगेच केली, तर चूक शंभराच्या घरात असतानाच सापडेल आणि ती लाखांवर जाणार नाही.