स्टिअरिंग सैल झालंय? नुसत्या अलाइनमेंटने भागणार नाही

पावसाळ्यात खड्डे खाऊन गाडी एका बाजूला ओढू लागली, पुढून खटखट आवाज आला की बहुतेक जण अलाइनमेंट करून मोकळे होतात. पण टाय रॉड एंड झिजला असेल तर अलाइनमेंट टिकतच नाही, पैसे मात्र जातात. मेकॅनिकला पुढचं चाक उचलून हलवून दाखवायला सांगा. घड्याळातल्या 9 आणि 3 च्या जागी धरल्यावर ढिलं वाटलं तर संशय टाय रॉडवर. 12 आणि 6 ला हललं तर बॉल जॉइंट किंवा बेअरिंग.

हे सरकारी तपासणीत कळेल, असं समजू नका. पीयूसी फक्त धूर बघते. खासगी कारची फिटनेस तपासणी होते ती थेट 15 वर्षांनी, नोंदणी नूतनीकरणावेळी. आणि टाय रॉड चालत्या गाडीत निसटला, तर त्या चाकावर स्टिअरिंगचा ताबाच राहत नाही.