कुरणाचे धनी कोठें गेले?

पश्चिम अमेरिकेवरील मूकपटांना एका नव्या राष्ट्राचें महाकाव्य मानण्याची चाल समीक्षकांत रूढ आहे. महाकाव्य खुशाल म्हणावें. पण मग त्यांतून वगळलें कोणाला, हेंही विचारावें लागेल.

विल्यम हार्ट याचा १९२५ सालचा ‘टंबलवीड्स’ घ्या. या वर्गांतील उत्तम चित्रपटांत त्याची गणना होते, म्हणूनच तो निवडला. टाकाऊ चित्रांवर हत्यार उपसण्यांत पुरुषार्थ नाहीं. १६ सप्टेंबर १८९३ रोजीं भर दुपारीं इशाऱ्याचा बार होतांच चेरोकी पट्ट्यांतील सुमारें ६० लक्ष एकर जमीन बळकावण्यासाठीं लाखभर माणसें धांवत सुटलीं, तो प्रसंग यांत आहे. ती घोडदौड पाहतांना आजही छाती धडधडते, हें कोण नाकारील? त्याआधीं हार्टचा गुराखी टेकडीवरून परतणारे कळप पाहतो, टोपी उतरवितो आणि पश्चिमेचा अंत झाला असें सोबत्यांना सांगतो. दुःख खरें, पण तें कोणाचें? त्या कुरणाचे धनी चेरोकी होते. १८८३ पासून गुरांचे मालक त्यांना भाडें भरून तेथें जनावरें चारीत. १८९० सालीं सरकारनें कळप हांकून देण्याचा हुकूम सोडला, भाड्याचें उत्पन्न बुडालें आणि जमीन विकण्यावांचून चेरोकींना गत्यंतर उरलें नाहीं. म्हणजे आम्हीं अश्रू ढाळावयाचे ते भाडेकरूसाठीं, घरमालकासाठीं नव्हे!

कोणी म्हणेल, त्या काळच्या चित्रकर्त्यांना दुसरी दृष्टि कोठून असणार? ही सबब टिकत नाहीं. नॅन्टिकोक वंशाच्या जेम्स यंग डियरनें १९१० सालींच ‘व्हाइट फॉन्स डिव्होशन’ काढला होता. त्यांत गोरा वसाहतवाला आणि त्याची मूळनिवासी पत्नी यांचा संसार आहे. दृष्टि होती, मागणी दुसऱ्या मालाला होती. त्या मालाला विद्वत्तेचें पाठबळही मिळालें होतें. जमिनीची ही धांव झाली त्याच वर्षीं शिकागो येथें इतिहासकार टर्नर यांनीं सांगितलें कीं, अमेरिकेची घडण मोकळ्या जमिनीनें केली. मोकळी! जिचें भाडें कालपर्यंत चेरोकी घेत होते, तीही याच हिशेबांतली.

१९२५ सालींच ‘द व्हॅनिशिंग अमेरिकन’ निघाला. सरकारी अंमलदारांचा जुलूम दाखविण्याचें धैर्य त्यानें केलें, हें त्याच्या पदरीं टाकलेंच पाहिजे. मात्र मूळनिवासी नायकाचें सोंग रिचर्ड डिक्स या गोऱ्या नटाला दिलें, शेवटीं त्या नायकाला मारलें आणि त्याच्या लोकांना शीर्षकांतच अस्तंगत ठरविलें. आज एकट्या चेरोकी राष्ट्राच्या नोंदींत चार लाखांहून अधिक नागरिक आहेत.