वाटणीचे अश्रू आणि एक चोविसांश

मराठी साहित्यात वाटणी म्हणजे शोकांतिका, हे समीकरण इतके रूढ झाले आहे की ते तपासून पाहावे असे अभ्यासकांनाही वाटत नाही. अंगणात भिंत उभी राहते, चुली वेगळ्या होतात, म्हातारी डोळ्यांना पदर लावते. आणि कोर्टाची पायरी चढणारा खलनायक ठरतो. काही काळ औंधला शिकलेल्या साने गुरुजींच्या ‘श्यामची आई’तही भाऊबंदकीपायी घर सोडावे लागल्याचे दुःख आहे. ते दुःख खोटे नाही. मात्र त्या घरात आईचा स्वतःचा वाटा किती, हे पुस्तक विचारत नाही. आणि ते शिकवणारे आपणही विचारत नाही.

हा प्रश्न विचारणारी एक आई सांगलीच्या दिवाणी न्यायालयात उभी राहिली. खंडाप्पा मगदूम १९६० साली वारले. मागे पत्नी हिराबाई, दोन मुलगे आणि तीन मुली. हिराबाईंनी १९६२ साली वाटणीचा दावा लावला आणि ७/२४ हिस्सा मागितला.

या अपूर्णांकामागे एक कल्पित आहे. मिताक्षरेच्या परंपरेत बापलेकांची वाटणी झाली तर पत्नीला मुलाइतका हिस्सा मिळे. पण ती वाटणी मागण्याचा अधिकार तिला नव्हता. १९५६च्या हिंदू उत्तराधिकार कायद्याने अशा प्रसंगी एक गोष्ट गृहीत धरायला सांगितली : मृत्यूच्या क्षणापूर्वी वाटणी झाली होती. मगदूमांच्या घरी ती झाली असती, तर नवरा, बायको आणि दोन मुलगे यांना प्रत्येकी १/४ मिळाले असते. मग खंडाप्पांच्या १/४चे सहा वारसांत सहा भाग. म्हणजे हिराबाईंना १/४ अधिक १/२४.

सांगलीच्या न्यायालयाने त्यांना केवळ १/२४ दिला. कल्पित वाटणी मृताचा हिस्सा ठरवण्यापुरती खरी, विधवेपुरती खोटी! उच्च न्यायालयाने ७/२४ मान्य केला. मुलगा गुरुपाद सर्वोच्च न्यायालयात गेला आणि २७ एप्रिल १९७८ रोजी हरला. सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड यांच्या निकालाचे सार असे, की कल्पित एकदा मानले की त्याचे सर्व परिणाम मानावे लागतात. वाटेत थांबता येत नाही. कथेच्या अंतर्गत तर्कावर इतकी नेमकी समीक्षा आपल्याकडे क्वचितच लिहिली गेली असेल.

आणि त्या तीन मुली? त्यांना प्रत्येकी १/२४, भावांना ७/२४. घर ‘एकत्र’ राहिले होते ते या गणितावर. महाराष्ट्राने १९९४ साली मुलीला सहदायाद केले, पण तोवर लग्न झालेल्या मुलींना वगळून. २००५च्या केंद्रीय दुरुस्तीने ती अट गेली. आणि हा हक्क जन्मसिद्ध आहे, त्यासाठी २००५ साली वडील हयात असण्याची गरज नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २०२० साली सांगितले. तरीही गावोगावी बहिणीकडून हक्कसोडपत्र घेतले जाते, साडीचोळी करून. सही नाकारली की माहेर तुटते.

कोणी म्हणेल, दाव्यांत पिढ्या जातात, जमिनीचे तुकडे होतात. खरे आहे, हिराबाईंचीही सोळा वर्षे गेली. पण भावाभावांत तुकडे पडताना जो व्यवहार असतो, तो बहिणीने भाग मागताच अधर्म कसा होतो? घर दाव्याने फुटत नाही. कोणाला मोजलेच नव्हते, एवढेच तो कागदावर आणतो.

म्हणून अध्यापकांना एवढेच सुचवावेसे वाटते : वर्गात यापुढे वाटणीची कथा आली की रडणाऱ्या आईच्या वर्णनाचे रसग्रहण अवश्य करावे, पण त्याआधी तिचा हिस्सा फळ्यावर मांडावा.