फाटका आवाज
रायपूरच्या मिरवणुकीत धुमाल पार्टी या वाद्यपथकाचा इलेक्ट्रॉनिक पॅड भोंग्यातून फाटका वाजतो आणि स्टुडिओवाले नाक मुरडतात. पण तो फाटकेपणा कामाचा आहे. भोंग्याला खोल खर्ज पेलवत नाही. पण सिग्नल वाजवीपेक्षा चढवला, लाटेचे माथे छाटले गेले, की वरचे स्वरांश उमटतात आणि ठोका गर्दीतही ओळखू येतो. 1987च्या एसपी-1200 या 12 बिटच्या सॅम्पलरची खरखर हिपहॉपवाले आजही मुद्दाम शोधतात, मग आपलीच तेवढी गावंढळ कशी? कानठळ्या बसतात हा आक्षेप खराच. पण तो आवाजाच्या पातळीवर आहे, पोतावर नव्हे. रात्री 10 नंतर भोंगा बंदच हवा. रेकॉर्डिंग करणाऱ्यांनी मात्र हे ठोके घासूनपुसून गुळगुळीत करू नयेत, आहेत तसेच वापरावेत.