मंचामागचा लेखक

अहिल्यानगर जिल्ह्यातील हिवरे बाजार या गावाची कथा आता सत्कार-सोहळ्यांना पाठ झाली आहे. अवर्षणाचा प्रदेश, उजाड डोंगर, पोटासाठी मुंबई-पुण्याची वाट धरलेली माणसे. मग १९८९ साली पोपटराव पवार हा एम. कॉम. झालेला तरुण सरपंच होतो, डोंगरावर चर खणले जातात, विहिरींना पाणी येते, गेलेली कुटुंबे परततात आणि अखेरीस गावातील लक्षाधीशांची संख्या सांगितली की टाळ्या पडतात. यातले काही खोटे नाही. २०२० सालची पद्मश्री पवारांना मिळाली ती उगाच नव्हे. परंतु ही कथा दोन मिनिटांत बसवून निवेदकाच्या हाती देणारा जो कोणी असतो, त्याचा विचार सहसा होत नाही.

दूरचित्रवाणीवरील विविधरंगी कार्यक्रम आणि पुरस्कार सोहळे लिहिणे हा एव्हाना स्वतंत्र व्यवसाय झाला आहे. निवेदकाची उत्स्फूर्त वाटणारी कोटी, दोन नृत्यांमधले प्रहसन, जीवनगौरव स्वीकारणाऱ्या ज्येष्ठाविषयीची चार गंभीर वाक्ये, पाहुणा ऐनवेळी आला नाही तर त्याच्या जागी भरायचा मजकूर, हे सारे दोघाचौघांच्या लेखणीतून उतरते. विनोद रंगला तर नट हजरजबाबी ठरतो; पडला तर ‘लिखाण कमी पडले’ असे म्हणायला सारे मोकळे असतात.

ही उपेक्षा दूरचित्रवाणीने आणलेली नाही. गण, गवळण, बतावणी आणि वग अशी तमाशाची बांधणी म्हणजे एका अर्थाने विविधरंगी कार्यक्रमच होता. संगमनेरच्या कांताबाई सातारकरांचे नाव याच जिल्ह्यातल्या नव्हे, तर राज्यभरच्या जत्रांनी ऐकले. त्यांच्या फडासाठी वग कोणी लिहिले हे विचारले तर जाणकारही क्षणभर थांबतील. ‘विच्छा माझी पुरी करा’ हे वगनाट्य वसंत सबनिसांनी लिहिले, पण मराठी माणसाच्या तोंडी ते राहिले दादा कोंडक्यांचे म्हणून. दादा प्रयोगागणिक ताज्या घडामोडींवरच्या कोट्या त्यात पेरीत, तेव्हा लोकांचा समज अगदीच निराधार होता असेही नाही.

२ ऑक्टोबर १९७२ रोजी दूरदर्शनचे मुंबई केंद्र सुरू झाले आणि विनायक चासकरांच्या ‘गजरा’ने छोट्या प्रवेशांचे लेखन घराघरांत नेले. पुढे खासगी वाहिन्या आल्या, आणि आठवड्याची गरज भागवणारा लेखक आवश्यक ठरला. ‘चला हवा येऊ द्या’ या २०१४ साली सुरू झालेल्या कार्यक्रमात नीलेश साबळे यांनी लेखन, दिग्दर्शन आणि निवेदन ही तिन्ही कामे एकट्याने पेलली. ‘महाराष्ट्राची हास्यजत्रा’मुळे सचिन गोस्वामी व सचिन मोटे ही नावे प्रेक्षकांच्या ओळखीची झाली. परंतु हे अपवाद होत. महाविद्यालयीन एकांकिका, मग वाहिनीसाठी प्रहसने, मग वार्षिक सोहळ्याची संहिता, या वाटेने जाणारे बहुतेकजण श्रेयनामावलीच्या धावत्या अक्षरांतच राहतात. कॉपीराइट कायद्यातील २०१२ च्या दुरुस्तीने लेखकाच्या स्वामित्वधनाच्या हक्काला संरक्षण दिले हे खरे. पण एका रात्रीत वाजून विरणाऱ्या सोहळ्याच्या संहितेला पुढचे आयुष्यच सहसा नसते. मग स्वामित्वधन मागायचे ते कशाचे?

ही केवळ लेखकांच्या मानधनाची तक्रार असती तर ती त्यांच्या संघटनेवर सोपवता आली असती. पण ज्याचे नाव कोणी वाचत नाही आणि ज्याला पुरेसा वेळ कोणी देत नाही, तो टाळीचे तेवढे लिहितो आणि बाकीचे गाळतो. हिवरे बाजारच्या कथेत नेमके काय गळते? पर्जन्यमापकाच्या नोंदी गळतात. पावसाळा सरल्यावर ग्रामसभेपुढे मांडला जाणारा पाण्याचा ताळेबंद गळतो. पिण्याचे पाणी आधी, जनावरांचे मग, उरेल त्यावर शेती हा क्रम गळतो. उसाला व केळीला नकार, शेतीसाठी बोअर घेण्यास बंदी, कुऱ्हाडबंदी, चराईबंदी, ही सारी निर्बंधांची यादी रंगमंचावर रुक्ष वाटते. चर खणणारे शेकडो हात मात्र पडद्यावर सुंदर दिसतात. सोहळा पाहून एखाद्या गावाने नुसते चर खणले आणि बोअर तसेच चालू ठेवले, तर जिरलेले पाणी उपसून पुन्हा उसालाच जाणार. वाक्य गाळले मुंबईत, विहीर आटली भलतीकडेच, असा हा हिशेब आहे.

लेखकाला काम पाहायला धाडले तर काय घडते, याचेही उदाहरण महाराष्ट्रात आहे. पानी फाउंडेशनने २०१६ साली वरूड, कोरेगाव व अंबाजोगाई या तीन तालुक्यांत वॉटर कप स्पर्धा सुरू केली. सत्यजित भटकळ व त्यांच्या सहकाऱ्यांनी २०१७ मध्ये ‘तुफान आलंया’ या मालिकेतून तिची हकीकत अनेक मराठी वाहिन्यांवर मांडली, ती प्रत्यक्ष गावांत चित्रित करून. तरीही स्पर्धा होती पंचेचाळीस दिवसांची. इतक्या दिवसांत खोदाईचे माप घेता येते, पाणी वापरण्याच्या शिस्तीचे नाही. २०१९ नंतर वॉटर कप थांबला आणि २०२० च्या समृद्ध गाव स्पर्धेत पाण्याच्या अंदाजपत्रकाला स्थान मिळाले. पडद्यावरच्या मंडळींनाही हिवरे बाजारच्या हिशेबाच्या वहीपर्यंत यावे लागले ते असे.

वाहिन्यांना यासाठी फार खर्च येणार नाही. संहितालेखकाचे नाव निवेदकाच्या नावाबरोबर झळकावे, आणि सोहळ्यात एखाद्या गावाचा गौरव व्हायचा असेल तर लेखकाला तेथे दोन दिवस राहू द्यावे. तेही भर पावसात हिरवे डोंगर पाहायला नव्हे, तर पावसाळा सरल्यावर, पाण्याचा हिशेब मांडला जातो तेव्हा. नगर शहरातून हिवरे बाजारला जायला तासभरही लागत नाही.